बाईसाहेबांसाठी ठेका नाही

पुण्यातल्या एका छोट्या सभागृहात ‘द पीच गर्ल’ हा १९३१चा चिनी मूकपट होता. शांघायच्या लिएनह्वा कंपनीचा, दिग्दर्शक बू वानत्सांग. पडद्याशेजारी बसून पेटी मी वाजवायची आणि तबला आमच्या काकांनी. मूकपटांच्या काळात आपल्याकडेही पेटी-तबला असायचाच, म्हणून आयोजक खुशीत होते.

गोष्ट तशी ओळखीची. गुराख्याची लेक लिनगू आणि मालकिणीचा मुलगा देएन लहानपणापासून एकत्र खेळलेले. तिथे पहाडी राग आपसूक सुचला. गुरं पळवणारे चोर आले की काकांचे हात नुसते शिवशिवायचे. पुढे प्रेम, देएनच्या आईचा म्हणजे बाईसाहेबांचा नकार, लिनगूच्या पदरात मूल, तिचा बाप आंधळा. लिनगू मरते तेव्हा कुठे बाईसाहेबांना उपरती होते आणि त्या तिला सून मानतात. या उपरतीला मी पुन्हा पहाडी लावला होता.

तालमीनंतर चहा पिताना काकांनी विचारलं, “मेल्यावर सून म्हणते ना ती? मग मी ठेका कशाला धरू?”

मी त्यांना लिनगूचं काम करणाऱ्या नटीबद्दल वाचलेलं सांगितलं. रुआन लिंग्युची आई शांघायमध्ये एका श्रीमंत घरी मोलकरीण होती. त्याच घरच्या धाकट्या मुलाशी रुआनचं जुळलं, पण घराने तिला सून करून घेतलं नाही. पुढे त्याच माणसाने तिला कोर्टात खेचलं, वर्तमानपत्रं हात धुऊन मागे लागली. ८ मार्च १९३५ला तिने जीव दिला. वय चोवीस.

“पडद्यावर तरी घेतली म्हणायची,” काका म्हणाले आणि कप खाली ठेवला.

प्रयोग रंगला. रुआन चेहऱ्याने इतकं काही करते की पेटीवाल्याने मध्ये लुडबुड करू नये. शेवट मात्र मला पटत नाही. श्रीमंतांना रडवलं की भिंत पडली, असं पटकथा मानून चालते. बाईसाहेब रडू लागल्या आणि काकांनी तबल्यावर चक्क कापड टाकलं. मी त्यांच्याकडे पाहिलं, त्यांनी पाहिलंच नाही. मग मीही भाता मिटला. पुढची सगळी दृश्यं तशीच गेली. खुर्च्या करकरल्या, मागून कुणीतरी “हं!” केलं.

मानधनाचं पाकीट देताना आयोजक हळूच म्हणाले, “शेवटी माइक गेला होता का हो? सांगायचं ना, दुसरा होता आपल्याकडे.”