नागावची किल्ली

आज नागावला मावशीचं बंद घर उघडायला गेले होते. कुलूप गंजलेलं, किल्ली जड. खोबरेल तेलाचे चार थेंब सोडले आणि पाच मिनिटं थांबले. तेवढ्या वेळात त्या किल्लीकडेच बघत राहिले. तिची सावली ओट्यावर पडली होती, किल्लीपेक्षा लांब. एकदम चित्रकार प्रभाकर बरवे आठवले.

बरवे याच नागावचे, जन्म १९३६चा. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकले, विणकर सेवा केंद्राच्या नोकरीत बनारसला राहिले, तिथे तंत्रसाधनेतल्या चित्रांचा त्यांच्यावर खोल परिणाम झाला. पण मला प्रिय आहेत ते नंतरचे बरवे. एनॅमल रंगाचा गुळगुळीत, सपाट थर आणि त्यात मोकळं सुटलेलं एखादं पान, घड्याळ, फळ. वस्तू ओळखीचीच, पण तिचं वजन, तिची जागा सगळं काढून घेतलेलं. मग ती आपल्या आठवणीतली होऊन जाते. १९९५ साली गेले ते. फार लवकर.

कुलूप उघडलं. कोनाड्यात मावशीचा अडकित्ता तसाच होता, सुपारीची पूड अजून पात्याला चिकटलेली. लगेच उचलला नाही. आधी त्याच्या भोवतीची रिकामी जागा नीट बघून घेतली.