तेजोवल्लीच्या भुजा सुट्या राहिल्या!

तेजोवल्ली म्हणजे एका कथेतली जिवंत, सर्पिल दीर्घिका (गॅलेक्सी); ती मी चमकणाऱ्या समुद्री सूक्ष्मजीवांनी पाण्याच्या परातीत घडवू बघतोय. काल रात्री वल्लीने लागोपाठ फेरे घेतले आणि दोन्ही भुजा शेवटपर्यंत सुट्या राहिल्या. मागच्या नोंदीत भुजा गुंडाळून झालेला निळा गोळा पाहून ज्यांनी हसून घेतलं, त्यांच्यासाठी खास व्हिडिओ काढलाय; पण कॅमेऱ्यात निम्मंही येत नाही. आधी अंधारात डोळे सरावू द्यावे लागतात, मग ती हळूच उमटते. कथेतल्या तारामाळ्यांनी कटोऱ्यात रुजवलेली दीर्घिका, ठाण्यात, मानपाड्याच्या फ्लॅटमध्ये, अ‍ॅक्रिलिकच्या दोन फुटी परातीत!

गाडं अडलं होतं ते गुंडाळण्यापाशी. वल्ली मधून फिरते असं कथेत आहे, म्हणून मीही मधोमध छोटं वल्हं बसवलं होतं. सिरिंजने पायरोसिस्टिसच्या (धक्का लागला की चमकणारे एकपेशीय समुद्री जीव) दाट कल्चरच्या, म्हणजे ते वाढवलेल्या पाण्याच्या, दोन भुजा आखायच्या आणि वल्हं चालू करायचं. मधलं पाणी भराभर फिरायचं, कडेचं रेंगाळायचं, आणि भुजा केंद्राभोवती आवळत जाऊन गोळा. वेग कमी केला की गोळा उशिरा व्हायचा, एवढाच फरक. मिथाइल सेल्युलोज घालून पाणी घट्ट केलं, तर वल्ह्याच्या पहिल्याच हिसक्याला अख्खी परात उजळली. दिसायला सुंदर, पण दीर्घिका नव्हे.

आता गंमत बघा. नेमकं हेच कोडं खगोलशास्त्रज्ञांनाही पडलं होतं. आपल्या सूर्याला आकाशगंगेच्या केंद्राभोवती एका फेऱ्याला साधारण २२-२३ कोटी वर्षं लागतात. आतल्या ताऱ्यांचा फेरा त्याहून लवकर होतो. भुजा जर ठरावीक ताऱ्यांच्याच बनलेल्या असत्या, तर त्या केव्हाच गुंडाळल्या गेल्या असत्या. १९६४ मध्ये सी. सी. लिन आणि फ्रँक शू यांनी घनतालहरींचं गणित मांडलं. भुजा ही घोडबंदर रोडच्या कोंडीसारखी असते: गाड्या येतात, अडकतात, पुढे निघून जातात, कोंडी मात्र असतेच. तारे आणि वायू भुजेत शिरतात, दाटतात, बाहेर पडतात. त्या दाटीत नवे तारे जन्मतात आणि त्यातले भारी, निळे तारे आयुष्य थोडं असल्याने भुजेच्या आसपासच संपतात. म्हणून भुजा निळसर दिसतात. आपल्या पायरोसिस्टिसचा प्रकाशही निळाच, साधारण ४७५ नॅनोमीटरचा. एवढं जुळून आल्यावर वल्हं ठेवण्यात अर्थच नव्हता.

मग भुजा आखणंच सोडून दिलं. कल्चर परातीत सगळीकडे सारखं पसरलं आणि वरून पारदर्शक चकती टांगली. चकतीला सर्पिल रेषेत बारीक भोकं, प्रत्येक भोकातून तंगुसाचा (मासेमारीच्या नायलॉन दोऱ्याचा) एकेक तुकडा, टोक पाण्यात जेमतेम बुडेल इतकं. चकती मिनिटाला एक फेरा घेते. टोक जवळून गेलं की पेशी निमिषभर चमकते आणि जागेवरच राहते. उजेड पुढे सरकतो. परात उथळ असल्याने तळाच्या घर्षणामुळे पाणी फारसं फिरत नाही. भोकांचं लेझर कटिंग वागळे इस्टेटमधल्या एका छोट्या वर्कशॉपमध्ये करून घेतलं. ‘झुंबराचं काम आहे का?’ म्हणून विचारत होते, पण कड इतकी स्वच्छ की पॉलिश करावी लागली नाही.

मोटरने मात्र रडवलं. नेमा-१७ ही टप्प्याटप्प्याने (स्टेपने) फिरणारी मोटर आणि तिला चालवणारं ए४९८८ ड्रायव्हर सर्किट: प्रत्येक स्टेपची थरथर चकतीतून पाण्यात उतरायची आणि भुजांच्या मधली जागाही चमकायची. ‘सायलेंट’ म्हणून ऑनलाइन मागवलेला ड्रायव्हर बनावट निघाला (दुकानाचं नाव घेत नाही). अस्सल टीएमसी२२०८ लावल्यावर थरथर बरीच गेली. उरलेली थरथर, मोटर वेगळ्या स्टँडवर ठेवून चकती बेल्टने फिरवल्यावर, गेली. माझं मत विचाराल तर या कामासाठी ए४९८८ घेऊच नका.

तापमानाचं पूर्वीचंच रडगाणं. कल्चर गार ठेवायला आणलेल्या पेल्टियरवर (विजेवर गार होणारी पट्टी) आपल्या दमट हवेत इतकं पाणी साचतं की तो आता कपाटात गेलाय. सरळ एसी लावतो आणि बिलाकडे बघत नाही. आणि हो, देवगडहून चमकणारं समुद्राचं पाणी आणायचा सल्ला पुन्हा आलाय. २०२० च्या नोव्हेंबरात तिथे आणि जुहूला दिसलेली निळी लाट नोक्टिल्युका या दुसऱ्या चमकणाऱ्या सूक्ष्मजीवाची होती. तिला खायला घालावं लागतं. पायरोसिस्टिस उजेडावर जगते. टायमरवर बारा तास उजेड, बारा तास अंधार, थोडं एफ/२ (पोषक द्रावण), की झालं.

उरलं केंद्र. तिथे अंधारच राहतो. भाची बघून म्हणाली, “मामा, मध्ये ब्लॅक होल केलंस का?” कारण साधं आहे: केंद्राजवळ तंगुसाची टोकं इतकी सावकाश सरकतात की पेशींना धक्काच बसत नाही. त्यासाठी एअर स्टोन आणून ठेवलाय, थांबून थांबून बुडबुडे सोडायचे असं ठरलं होतं. सतत सोडले तर तिथल्या पेशी थकतात आणि पुन्हा ताज्या व्हायला दुसरी रात्र यावी लागते.

पण हे लिहिताना वाटतंय, केंद्र निळं हवंच कशाला? खऱ्या सर्पिल दीर्घिकांचा मधला फुगवटा जुन्या ताऱ्यांचा, पिवळट असतो. परातीखाली एक अंबर एलईडी, अगदी मंद. जास्त उजेड पडला तर पेशी चमकायच्याच थांबतात, म्हणून मंदच. मग एअर स्टोन नकोच. वल्लीत सगळं जिवंतच हवं हा आपला नियम मोडतो, हे मान्य. एलईडी घरात पडून आहे, आज अंधार झाला की लावून बघतो. नियमवाल्यांनी आक्षेप आत्ताच नोंदवून ठेवावेत.