मंगळावरची संकष्टी

दिनदर्शिकेतला सारा खटाटोप एका अपूर्णांकासाठी चाललेला असतो. पृथ्वीची सूर्याभोवतीची फेरी पूर्ण दिवसांत बसत नाही, चंद्राचे बारा महिने जेमतेम ३५४ दिवस भरतात आणि वर्षाला अकराएक दिवस कमी पडतात. ही तूट कोणाच्या खाती मांडायची यावर प्रत्येक समाजाने आपापला तोडगा काढला. आपण ती तीन वर्षांच्या आत साठवून एक आख्खा धोंड्याचा महिना उभा करतो आणि जावयाला तेहतीस अनारसे देऊन मोकळे होतो. २०२३ मध्ये श्रावण दोनदा आला तो याच हिशेबाने.

हा प्रश्न जिथे एकही माणूस राहत नाही अशा ठिकाणी सोडवायला घेतला तर काय होईल, याचे उत्तर तयार आहे. थॉमस गँगेल या अमेरिकी अंतराळ अभियंत्याने १९८५ मध्ये मंगळासाठी एक कालगणना रचली आणि आपल्या डेरियस नावाच्या मुलावरून तिला डेरियन हे नाव दिले. मंगळाचा दिवस, म्हणजे ‘सोल’, २४ तास ३९ मिनिटे ३५ सेकंदांचा असतो आणि त्याचे वर्ष ६६८ सोल आणि वर साधारण सहा दशांश इतके, म्हणजे आपल्या ६८७ दिवसांचे. एवढ्या वर्षाचे गँगेलने चोवीस महिने पाडले. नावे कुठून आणायची? त्याने बारा राशी दोनदा वापरल्या, एकदा लॅटिन आणि एकदा संस्कृत: सॅजिटेरियसच्या पाठोपाठ धनु, कॅप्रिकॉर्नसच्या पाठोपाठ मकर, असे करत शेवटी स्कॉर्पियस आणि वृश्चिक. वर्ष मेषेऐवजी धनूपाशी सुरू झालेले पाहून आपल्याला थोडे चुकल्यासारखे वाटते. पण मंगळाच्या उत्तर गोलार्धात वसंत लागतो तेव्हा तिथून पाहिलेला सूर्य धनु राशीच्याच तारकांपुढे असतो, तेव्हा तक्रारीला जागा नाही.

महिना अठ्ठावीस सोलांचा, आठवडा सात सोलांचा आणि प्रत्येक महिन्याची पहिली तारीख रविवारीच. व्यवस्था इतकी चोख, की एक महिना छापला तर जन्मभर पुरावा. अपूर्णांक मात्र तिथेही पाठ सोडत नाही. म्हणून दर सहावा महिना सत्तावीस सोलांचा करावा लागला आहे, आणि हे चार लांडे महिने म्हणजे कुंभ, वृषभ, सिंह आणि वृश्चिक. आपल्या ज्योतिषात ज्यांना स्थिर राशी म्हणतात त्या नेमक्या याच चार. कात्री चालवायला स्थिर राशीच सापडाव्यात, हा योगायोग मला फार आवडतो. अशा महिन्यात शेवटच्या आठवड्यातला जो एक वार गळतो तो शनिवार असतो. मारुतीला तेल घालणाऱ्यांनी आणि शाळेच्या पोरांनी एकत्र येऊन निषेध करावा अशीच ही बाब आहे. लीप वर्षात वृश्चिकेचा सोल परत मिळतो. आणि अशी लीप वर्षे दर दहांत साधारण सहा असल्यामुळे तिथे अपवादच नियमापेक्षा जास्त वेळा येतो.

इतका नीटनेटकेपणा मला थोडा संशयास्पद वाटतो. मंगळाची कक्षा बरीच लंबवर्तुळाकार असल्याने त्याची गती वर्षभर सारखी राहत नाही. उत्तर गोलार्धातला वसंत १९४ सोल रेंगाळतो, तर शरद १४२ सोलांत आटोपतो. सगळे महिने जवळपास सारखे केले, की ऋतू त्यांच्यातून घसरणारच. आपल्याकडे सरकारने मेघनाद साहा यांच्या समितीच्या शिफारशीवरून १९५७ मध्ये जी राष्ट्रीय दिनदर्शिका स्वीकारली, तिच्यात उन्हाळ्याकडचे महिने एकतीस दिवसांचे ठेवून पृथ्वीच्या मंद गतीची दखल घेतली आहे. अर्थात तीही राजपत्राच्या माथ्यावरच राहिली, मुंजीची तारीख तिच्यावरून कोणी काढत नाही.

गँगेलने आणखी एक गोष्ट केली नाही आणि ती शहाणपणाची केली: त्याने चंद्रांना हिशेबात घेतले नाही. मंगळाला चंद्र दोन. त्यांतला फोबोस ७ तास ३९ मिनिटांत एक फेरी पुरी करतो, म्हणजे मंगळ स्वतःभोवती फिरतो त्याहून कितीतरी वेगाने, आणि त्यामुळे तो पश्चिमेला उगवून सव्वाचार तासांत पूर्वेला मावळतो. त्याच्यावर पंचांग बेतायचे ठरवले, तर तीस तिथी पावणेआठ तासांच्या आत संपतील आणि एकेक तिथी पंधरा मिनिटांची होईल. सूर्योदयाची तिथी धरायची म्हटले तरी दात घासून होईपर्यंत ती पालटलेली असेल. संकष्टी दिवसाला तीनदा. चंद्रोदय पाहून उपास सोडायला बसावे, तर साबुदाणा पानात पडेपर्यंत पंचमी, आणि हात धुऊन जरा टेकावे तोवर पुढच्या चतुर्थीची तयारी. त्यातून मंगळवार आला की एका दिवसात तीन अंगारक्या, त्याही खुद्द अंगारकावर बसून! डिमॉस हा दुसरा चंद्र त्या मानाने सभ्य आहे, त्याचा महिना तीस तासांचा.

अमावास्येला फोबोस सूर्यबिंबावरून सरकतो, पण आकाराने तो इतका लहान की सूर्य पुरता झाकला जात नाही. पर्सिव्हरन्स या रोव्हरने एप्रिल २०२२ मध्ये असे एक ग्रहण टिपले. ओबडधोबड बटाट्यासारखी ती आकृती चाळीसेक सेकंदांत पार झाली. एवढ्या वेळात तुळशीपत्र ठेवायचे म्हणजे तुळस हातातच धरून बसायला हवे.

सगळ्यांत मोठी सोय मात्र सहस्रचंद्रदर्शनाची. इथे हजार पौर्णिमा पाहायला माणसाला एक्याऐंशीच्या घरात जावे लागते आणि तोवर चांदीच्या दिव्यांनी ओवाळून घ्यायला बसवण्यासाठी नातवंडांना हात द्यावा लागतो. मंगळावर फोबोसच्या हजार पौर्णिमा ३१९ दिवसांत होतात, म्हणजे वाढदिवसाच्या आधीच, मूल जेमतेम भिंत धरून उभे राहत असताना. अडचण एकच आहे. फोबोस मंगळाच्या इतका जवळून फिरतो, की वर्षाचा बराच काळ पौर्णिमेला तो मंगळाच्याच सावलीत शिरतो. अशा ग्रासलेल्या पौर्णिमा धरायच्या की वगळायच्या, यावरून तिथल्या पहिल्या मराठी वसाहतीत दोन पंचांगे निघतील आणि शेजारशेजारच्या घरांतली बाळे वेगवेगळ्या महिन्यांत ओवाळली जातील, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.