हॉट चॉकलेटच्या खिडकीमागून

अमेरिकेतल्या मिशिगन विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा २०२३चा हंगाम मी त्यांच्याच स्टेडियममध्ये काढला. घरचे सातही सामने. पण मैदान पाहिलं ते दरवेळी रिकामं, सकाळी कामावर येताना. मास्टर्सचं दुसरं वर्ष, पैशांची चणचण, म्हणून सामन्याच्या दिवशी खाण्याच्या स्टॉलच्या खिडकीमागे उभा राहायचो. हॉट चॉकलेटचं यंत्र माझ्याकडे. "तुलाच सगळ्यात जास्त थंडी वाजते," असं म्हणून आमच्या सुपरवायझर बाईंनी मला तिथे चिकटवलं होतं. बाई शाळेची बस चालवून निवृत्त झालेल्या, आणि या संघाच्या कट्टर भक्त.

हे स्टेडियम १९२७चं, बरंचसं जमिनीत खणून बसवलेलं. दारातून आत आलात की तुम्ही वरच्या काठावर असता आणि मैदान खाली खोल. मी कोल्हापूरचा, त्यामुळे पहिल्याच दिवशी खासबाग आठवलं. शाहू महाराजांनी १९१२ साली बांधलेला तो आखाडाही असाच खोलगट. लहानपणी तिकिटाला पैसे नसले की आम्ही बाहेर उभं राहून हलगी ऐकायचो. ठेका चढला की समजायचं, आत कुणीतरी घुटन्याचा डाव टाकतोय.

इथे हलगीचं काम गर्दी करते, फक्त उलट. चेंडू आपल्या संघाकडे असला की लोक गप्प, कारण क्वार्टरबॅक, म्हणजे चढाई चालवणारा खेळाडू, ओरडून सांगतो ते गड्यांना ऐकू जायला हवं. पाहुण्यांकडे चेंडू गेला की नुसता कल्लोळ, त्यांच्या क्वार्टरबॅकचा शब्दही पोचू नये म्हणून. हे उमगायला मला दोन सामने लागले. भिंतीवर एक टीव्ही होता, पण त्याचं चित्र आवाजाच्या काही सेकंद मागून यायचं. म्हणजे आधी कान, मग डोळे.

२५ नोव्हेंबरला कट्टर प्रतिस्पर्धी ओहायो स्टेट विद्यापीठाचा संघ आला. दोन्ही संघ ११-०, म्हणजे अकरा जिंकलेले, एकही हरलेला नाही. प्रेक्षक १,१०,६१५. आणि आमचे मुख्य प्रशिक्षक जिम हार्बॉ घरी! विरोधकांच्या सामन्यांना आधीच माणूस पाठवून त्यांचे प्रशिक्षक मैदानाकडेने खेळाडूंना करतात ते इशारे टिपून आणल्याच्या आरोपावरून बिग टेन या विद्यापीठांच्या स्पर्धा-गटाने संघावर कारवाई करत त्यांना शेवटच्या तीन सामन्यांतून बाहेर ठेवलं होतं. इशारे ओळखणं चालतं, पण त्यासाठी माणूस पाठवणं १९९४पासून नियमात बसत नाही. बाईंच्या मते हा सगळा जळफळाट होता. मला तसं वाटत नव्हतं, पण त्या खिडकीमागे हे बोलण्याची माझी छाती नव्हती. मैदानावर धुरा होती ३७ वर्षांचे सहप्रशिक्षक शेरॉन मूर यांच्याकडे.

दुपारी बाराला सामना सुरू झाला. मध्यंतरात रांग अशी, की कप संपले आणि पुढच्या स्टॉलवरून उसने आणावे लागले. चारपैकी तिसऱ्या पर्वाच्या अखेरीस १७-१७ झालं. चेंडू मिशिगनकडे, म्हणजे शांतता असणारच. पण ही शांतता वेगळी होती. एरवीच्या शांततेत खोकला, शिट्टी, कुणाचं तरी मूल रडणं, असं काहीबाही असतं. आता तेही नव्हतं. बाईंचा हात गल्ल्यावर थबकला. "कुणाला तरी लागलंय," त्या म्हणाल्या. टीव्हीवर अजून खेळ चालूच होता. मग त्यावरही दिसलं: ६५ नंबरचा गार्ड (क्वार्टरबॅकपुढे भिंत धरणाऱ्यांपैकी एक), आमचा कर्णधार झॅक झिंटर, आडवा. डावा पाय मोडलेला. त्याला गाडीवर घालून बाहेर नेलं. तोवर एकानेही काही मागितलं नाही. रांगेतली माणसं हातात पैसे धरून तशीच उभी.

आणि पुढच्याच खेळीला स्टेडियम फुटलं. माझ्या मनगटावर गरम चॉकलेट सांडलं. टीव्हीवर पाहिलं तर खेळाडू अजून रांगेत वाकून उभे होते! काय झालंय ते आम्हाला कळलं होतं, कसं झालं ते बघायचं बाकी होतं. आमचा ब्लेक कोरम चेंडू घेऊन २२ यार्ड पळत गेला आणि टचडाउन झाल्यावर, म्हणजे चेंडू शेवटच्या रेषेपार नेल्यावर, बोटांनी त्याने सहा आणि पाच दाखवले. बाई काउंटरखाली वाकल्या, कप शोधायला म्हणून. कप वरच होते.

शेवटचं मिनिट उरलं तेव्हा आम्ही ३०-२४ने पुढे, चेंडू ओहायोकडे. तेव्हाचा आवाज मला छातीत जाणवत होता. अचानक तो अर्ध्या श्वासाएवढा थांबला. चेंडू हवेत असणार. मग जे उसळलं त्यावरून टीव्हीकडे पाहायची गरजच राहिली नाही. आमच्या रॉड मूर या खेळाडूने ओहायोचा पास मध्येच झेलला होता, २५ सेकंद शिल्लक असताना.

पुढे जानेवारीत अलाबामाला ओव्हरटाइममध्ये २७-२० आणि ह्यूस्टनला वॉशिंग्टनला ३४-१३ हरवून संघ १५-० राहिला, राष्ट्रीय विजेता ठरला. ते सामने मी खोलीत टीव्हीवर अथपासून इतिपर्यंत पाहिले. त्याबद्दल सांगण्यासारखं माझ्याकडे फारसं नाही.

ओहायोच्या सामन्याच्या दिवशी मात्र प्रेक्षकांतली पोरं मैदानात उतरली, आमची रांग ओस पडली, आणि लाल जॅकेटातला ओहायोचा एक म्हातारा खिडकीशी आला. सोबत सात-आठ वर्षांची नात, नाक लाल. "दोन हॉट चॉकलेट," तो म्हणाला. मी भरून दिले. त्याने कार्ड काढलं, तर बाई म्हणाल्या, "मशीन बंद केलंय."

ते चालू होतं.