कचरा, क्षय आणि काउंट ड्रॅक्युला

डंपिंग ग्राउंडवरची दोन पुस्तकं, दुखण्यावरची दोन, आणि भुताखेतांच्या दोन-तीन कादंबऱ्या. अशी यादी पुढे केली की लोक आधी हसतात. पण ही पुस्तकं पाठोपाठ वाचली तर लक्षात येतं की सगळ्यांत एकच गोष्ट चाललीय: माणसाने नजरेआड केलेल्या वस्तूचं पुढे काय होतं? ती कुजते, की तशीच राहते? वाचताना जवळ साधी दोनशे पानी वही ठेवा. ही हिशेब मांडत वाचायची पुस्तकं आहेत.

सुरुवात 'ड्रॅक्युला'पासून करावी. ब्रॅम स्टोकरची ही रक्त पिणाऱ्या सरदाराची कादंबरी १८९७ सालची. सिनेमांमुळे गोष्ट माहीत असते, म्हणून लोक संक्षिप्त आवृत्ती उचलतात आणि तिथेच फसतात. मूळ पुस्तक २७ प्रकरणांचं आहे आणि त्यात गोष्ट सांगणारा असा कुणी एकटा नाहीच. रोजनिशा, पत्रं, तारा, वर्तमानपत्राची कात्रणं, डॉक्टरने फोनोग्राफवर बोलून ठेवलेल्या नोंदी, अशी ती सगळी फाईल आहे. संक्षेप करणारा कात्री चालवतो ती नेमकी या कागदांवर. मग हातात राहतात सुळे आणि वटवाघूळ. मूळ इंग्रजी पुस्तकाचे हक्क केव्हाच संपलेत, ते फुकट मिळतं. इंग्रजी जुनं वाटलं तर पहिली चार प्रकरणं नेटाने काढा. सरदाराकडे गेलेल्या हार्कर या वकिलाची किल्ल्यातली रोजनिशी तेवढ्यात संपते आणि पुढे वेग येतो.

वहीत पहिला हिशेब पेट्यांचा. या सरदाराला आपल्या मुलखातल्या मातीतच झोपावं लागतं, म्हणून तो मातीने भरलेल्या ५० पेट्या जहाजाने इंग्लंडला आणतो. त्यातल्या २९ लंडनजवळच्या कारफॅक्सच्या जुन्या वाड्यात राहतात, सहा लंडनच्या माइल एंड भागात, सहा बर्मंडसीला आणि नऊ पिकॅडिलीच्या घरात जातात. बेरीज बरोबर ५०. पिकॅडिलीत नऊऐवजी आठच सापडतात, आणि शेवटचा सगळा पाठलाग त्या एका पेटीसाठी आहे. ही माहिती मिळते कुठून? वकिलांच्या पत्रव्यवहारातून आणि पेट्या वाहणाऱ्या गाडीवानांना दारूचे पैसे देऊन. लसूण आणि क्रूस सगळ्यांच्या लक्षात राहतात. खरं काम गाडीवानांच्या तोंडी हिशेबाने केलंय.

दुसरा हिशेब रक्ताचा. सरदार जिचं रक्त शोषतोय त्या लूसी या तरुणीला सप्टेंबरच्या दोन आठवड्यांत चार जणांचं रक्त देतात: आर्थर, डॉ. सीवर्ड, व्हॅन हेल्सिंग आणि क्विन्सी, याच क्रमाने. कुणाचा रक्तगट कोणता हे कुणी तपासत नाही, कारण रक्तगट अजून सापडलेलेच नव्हते. लँडस्टायनर या शास्त्रज्ञाने ए-बी-ओ गटांची मांडणी प्रसिद्ध केली ती १९०१ साली. न जुळणारं रक्त गेलं की शरीर त्यातल्या पेशी फोडतं, ताप येतो, मूत्रपिंडं बसतात. लूसीचा गट कुठलंही रक्त चालणारा एबी असता, किंवा चौघांचंही रक्त तिला जुळणारं असतं, तरच या चार उपचारांतून ती सहज निभावली असती. त्यामुळे तिला नक्की कुणी मारलं, ही डॉक्टर वाचकांची जुनी थट्टा अगदीच अन्यायाची नाही.

आता दुखण्याकडे वळायचं, पण मधे अमेरिकेतल्या ऱ्होड आयलंडमधल्या एक्झिटर गावी एक थांबा. तिथे ब्राउन नावाच्या घरात आई गेली, थोरली मुलगी गेली, आणि जानेवारी १८९२ मध्ये १९ वर्षांची मर्सी गेली. तिघींनाही क्षय. भाऊ एडविनही खंगत चालला, तेव्हा गावकरी म्हणाले की मेलेल्यांपैकी कुणीतरी त्याचं रक्त शोषतंय. मार्चमध्ये तिघींचे मृतदेह बाहेर काढले. आई आणि बहीण यांची हाडं झालेली, मर्सी मात्र शाबूत, काळजात रक्त. डॉक्टर सांगत होता की यात नवल नाही, हिच्या फुफ्फुसांत क्षयच दिसतोय. तिचा देह दोन महिने ऐन हिवाळ्यात जमिनीवरच्या दगडी खोलीत ठेवलेला होता, म्हणजे बर्फाच्या पेटीत ठेवल्यासारखाच. कुणी ऐकलं नाही. काळीज आणि यकृत जाळून राख पाण्यातून एडविनला पाजली. दोन महिन्यांत तोही गेला. रॉबर्ट कॉखने क्षयाचा जंतू बर्लिनमध्ये २४ मार्च १८८२ रोजी जाहीर केला, त्याला तेव्हा दहा वर्षं होत होती. ऱ्होड आयलंड ज्यात येतं त्या न्यू इंग्लंड भागातल्या या समजुतींवरचं एका अमेरिकी वर्तमानपत्राचं कात्रण स्टोकरच्या टिपणांत सापडलंय.

हे डोक्यात ताजं असतानाच सुझन सोनटॅग या अमेरिकी लेखिकेचं 'इलनेस ॲज मेटाफर' वाचायला घ्यावं. १९७८चं, शंभर पानांच्या आतबाहेरचं, एका रविवारी संपणारं. पुढे १९८९ साली तिने एड्सवर लिहिलं, ते बहुतेक आवृत्त्यांत सोबतच बांधलेलं असतं. आधी पहिलंच वाचा. तिचं म्हणणं असं की क्षयाला हळव्या, प्रेमात जळणाऱ्या माणसाचा रोग ठरवलं, कॅन्सरला मनात कुढणाऱ्याचा, आणि या कल्पनांचा भार रोग्याच्या डोक्यावर पडतो. स्वतःला स्तनाचा कॅन्सर असताना लिहिलेल्या या पुस्तकात तिने स्वतःच्या आजाराचा उल्लेखसुद्धा केलेला नाही. मराठी वाचकाने इथे वहीत एक रकाना पाडावा आणि आठवडाभर वर्तमानपत्रातल्या निधनवार्ता बघाव्यात. 'कर्करोगाशी त्यांची झुंज अपयशी ठरली.' म्हणजे गेलेला माणूस वर नापासही झाला! क्षय या शब्दात निदान झिजणं तरी आहे, हार-जीत नाही.

अमेरिकेतले सर्जन अतुल गवांदे यांचं 'बीइंग मॉर्टल' २०१४चं. त्यांचे आजोबा सीताराम विदर्भातल्या उटी गावचे, जवळजवळ ११० वर्षं जगलेले, आणि म्हातारपण घरात कसं काढतात हे सांगताना लेखक त्यांच्याकडे येतो. पुस्तकाचा उपयोगी भाग शेवटाकडे आहे, गंभीर आजारी माणसाला काय विचारायचं त्याचा. तुमच्या आजाराचं तुम्हाला काय समजलंय? भीती कशाची वाटते? काय साधायचंय? त्यासाठी काय सोसायला तयार आहात आणि काय नाही? एका रुग्णाचं उत्तर असं की चॉकलेट आइस्क्रीम खाता येत असेल आणि टीव्हीवर फुटबॉल बघता येत असेल, तर मी बरंच सोसेन. मग ऑपरेशनमध्ये अडचण आली तेव्हा त्याच्या मुलीने शल्यविशारदाला नेमके हेच दोन प्रश्न विचारून निर्णय घेतला. घरी कुणी आजारी असेल तर हे पुस्तक उशाशी बसून वाचू नये. आधी आपलं आपण वाचावं, प्रश्न वहीत उतरवावेत, आणि एका बैठकीत एकच विचारावा. चारही एकदम विचारले की समोरच्याला वाटतं, डॉक्टरने काहीतरी वेगळं सांगितलंय.

याच पुस्तकात लेखक वडिलांच्या अस्थी घेऊन काशीला जातो. विधीत तीन चमचे गंगाजल प्यायचं असतं. सर्जनच तो, पाण्यातल्या जिवाणूंचा विचार करून आधीच प्रतिजैविकं घेतो. तरी जिआर्डिया हा पोटाचा संसर्ग होतो, कारण परजीवींचा विचार राहून गेला.

तिथून थेट कचऱ्यात. विल्यम रॅथजे हा पुरातत्त्वज्ञ. १९७३ पासून ॲरिझोना विद्यापीठातल्या त्याच्या गटाने आधी घरोघरचा ताजा कचरा टेबलावर पसरून सुमारे दीडशे वर्गांत लावला, पुढे कचरा पुरलेल्या जुन्या भरावांत यंत्राने भोकं पाडून थर वर काढले. कलन मर्फीबरोबरचं त्याचं 'रबिश!' १९९२चं. भरावात कित्येक वर्षांपूर्वीची वर्तमानपत्रं वाचता येतील अशी निघाली, आणि थराची तारीख ठरवायला तीच कामी आली. मर्सीच्या दगडी खोलीत थंडी होती, इथे दाबून भरलेला कोरडा कचरा आणि हवेचा अभाव. लोकांना वाटत होतं की भराव बाळांचे वापरून फेकायचे लंगोट, थर्माकोल आणि बर्गरच्या वेष्टनांनी भरलेत. ही तिन्ही मिळून तीन टक्क्यांच्या आत निघाली, आणि कागद चाळीस टक्क्यांच्या वर. बीफची टंचाई आली त्या वर्षी बीफ जास्त फेकलं गेलं, कारण लोकांनी मिळेल ते, कधी शिजवून न पाहिलेल्या प्रकारचंही, जास्तीचं घेऊन ठेवलं. कांदा महागला की पाच किलोची गोणी आणणाऱ्यांनी हे प्रकरण दोनदा वाचावं.

चूक होते ती हे आकडे उचलून आपल्याकडे लावण्याची. आपल्या शहरांच्या कचऱ्यात निम्म्याच्या आसपास ओला. तो कुजतो, आतून मिथेन सुटतो, काळं पाणी झिरपतं. मुंबईत देवनारला १९२७ पासून कचरा पडतोय, आणि जानेवारी २०१६ मध्ये तिथे लागलेल्या आगीचा धूर उपग्रहाच्या छायाचित्रांत दिसत होता. सौम्या रॉय यांचं २०२१चं पुस्तक या डोंगरावर कचरा वेचणाऱ्यांबद्दल आहे. ब्रिटनमध्ये ते 'माउंटन टेल्स' आणि अमेरिकेत 'कास्टअवे माउंटन' नावाने निघालं. पुस्तक एकच आहे, दोन्ही मागवू नका. रॅथजेच्या आधी ते वाचलं तर रॅथजे कोरडा वाटतो, म्हणून नंतर.

शेवटी पुन्हा भूत. स्टीफन किंगची १९७५ची 'सेलम्स लॉट' म्हणजे ड्रॅक्युला अमेरिकेतल्या लहान गावात आणून सोडलाय, आणि नारायण धारपांची 'लुचाई' तिच्यावर बेतलेली. तिन्ही याच क्रमाने घ्या. किंगकडेही पेटी येते, आणि ती वाहणारे दोघे भाडोत्री ट्रकवालेच. गावाबाहेरच्या उकिरड्यावर एक रखवालदार आहे, संध्याकाळी कचरा पेटवून बाहेर पळणारे उंदीर बंदुकीने टिपणारा. रक्तपिपासू गावात शिरल्यावर आपली माणसं गोळा करू लागतो, तेव्हा त्याच्याकडेही उकिरड्यावर जातो.