कापलेला शेवट

व्हॉट्सॲपवरून आलेल्या क्लिपमध्ये मागमूस असा काही उरत नाही. तारीख, मोबाइल, जागा, सगळं पुसलेलं. चित्र दहा हातांतून फिरून गढूळ झालेलं. मग फ्रेम काढायच्या आणि एकेक करून इमेज सर्चला टाकायच्या, कधी आरशासारख्या उलट्या करूनही. बघणारे चेहरे बघतात, आम्ही फॅक्ट-चेक करणारे कडा बघतो: भिंतीवरची अक्षरं, फरशी, कापड.

१ जुलै २०१८ ला साक्री तालुक्यातल्या राईनपाड्यात मुलं पळवणारी टोळी समजून जमावानं पाच जणांना ठेचून मारलं. नाथपंथी डवरी गोसावी, मंगळवेढ्याकडचे, भिक्षा मागायला आलेले. अफवेच्या क्लिपा कुठल्या, ते शोधायचं काम माझ्याकडे आलं.

एकीत ओळीनं ठेवलेली मुलांची प्रेतं होती. वर निवेदन: किडन्या काढून टाकलेली पोरं. फोटो निघाले सीरियातल्या घौताचे, ऑगस्ट २०१३ च्या विषारी वायूच्या हल्ल्यातले. नीट पाहिलं तर अंगावर जखमाही दिसत नव्हत्या. पण नीट पाहतो कोण?

दुसरीत मोटरसायकलवरचे दोघं रस्त्यात खेळणारं पोर उचलून पळतात. ही कराचीतल्या रोशनी हेल्पलाइन या हरवलेल्या मुलांसाठी काम करणाऱ्या संस्थेची जनजागृतीची फिल्म. मूळ फिल्ममध्ये दोघं वळून परत येतात, पोराला खाली ठेवतात आणि फलक धरतात: कराचीच्या रस्त्यावरून मूल पळवायला एक क्षण पुरतो. कात्री बरोबर तिथेच लावलेली. हे अडाण्याचं काम नव्हे. कापणाऱ्यानं शेवट बघितला होता, म्हणून तर त्याला तो नको होता.

कापलेली आणि अखंड अशा दोन्ही क्लिपा शेजारी-शेजारी लावून बातमी केली. वरिष्ठांना थंबनेलला राईनपाड्याचा फोटो हवा होता, ‘त्याशिवाय क्लिक येत नाही’ म्हणून. मी भांडलो, फोटो गेला नाही. क्लिकही आले नाहीत, हेही खरं.

फोन मात्र येत राहिले. खुलाशाबद्दल नव्हे, राईनपाड्यातल्या मारहाणीचा ‘फुल व्हिडिओ’ मिळेल का म्हणून. त्यात एक मास्तर होते, बोलायला अगदी सालस. “ब्लर न केलेला असेल तर पाठवा ना साहेब. पुढे नाही पाठवणार, फक्त बघायचाय.” का बघायचाय, विचारलं. “सगळ्यांनी बघितलाय हो, मीच राहिलोय.”

त्यांना कराचीची अखंड फिल्म पाठवली. निळ्या टिका लगेच आल्या. मग उत्तर आलं, “हा नाही सर, तो.”