पान ४३ वरचा पूर

कवितासंग्रहाची प्रुफं तपासायला मी नेहमीच कुरकुरतो. गद्यात चूक ती चूक असते. कवितेत ऱ्हस्वाचं दीर्घ केलं, तरी कवी म्हणतो, असू द्या, तसंच हवंय. हा संग्रह पर्यावरण आणि सामाजिक न्यायावरचा होता: फोडलेल्या टेकड्या, टँकरपुढची भांडणं, कचरा डेपोशेजारचं फुरसुंगी. कवयित्री कॉलेजात शिकवतात. फुरसुंगीची कविता खरंच चांगली होती. नासलेल्या विहिरीवर माश्या हाकत बसलेली म्हातारी अजून डोळ्यांसमोर आहे.

पुण्यात सदाशिव पेठेतल्या प्रकाशकाच्या ऑफिसात डीटीपी करणारा, म्हणजे कॉम्प्युटरवर पानं लावणारा गडी सहसा बोलत नाही. मी लाल खुणा करून कागद द्यायचे, त्याने दुरुस्त्या लावायच्या, एवढाच आमचा संबंध. संध्याकाळी फाइल छापखान्यात जायची होती आणि दुपारी हा खुर्ची वळवून म्हणाला, “काका, पान ४३ चुकलंय.”

मी पान काढलं. काना-मात्रा जागच्या जागी.

“शुद्धलेखन नाही हो. पूर चुकलाय.”

ती कविता २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्रीवर होती. धरणाची दारं उघडतात, चिडलेली मुठा नदी वस्तीत शिरते, माणसाच्या हावेचा सूड घेते, अशी.

“मुठा कुठली आलीय? आमच्याकडं आंबील ओढा आला. वर धरणबिरण काही नाही, कात्रजचा तलाव आहे.” हा दांडेकर पुलाजवळ वाढलेला, हे मला तेव्हा कळलं.

ही गल्लत अगदी पुणेरी. १२ जुलै १९६१ ला पानशेत धरण फुटलं, मागोमाग खडकवासलाही गेलं आणि मुठा पेठांमध्ये घुसली. तेव्हापासून इथे पूर म्हटलं की धरण आणि नदीच आठवते. २०१९ ला पाऊस कोसळला तो कात्रजच्या बाजूला. पाणी ओढ्यात उतरलं, आणि ओढा तर वर्षानुवर्षं भराव, भिंती, बांधकामं यांनी आवळलेला. अरण्येश्वर भागात भिंत पडून माणसं गेली.

कवयित्रींना फोन केला. त्या तासाभरात आल्या. “मुठा इथे प्रतीक आहे,” त्या म्हणाल्या. प्रतीकाशी माझं वैर नाही. पण नाव घेऊन, तारीख टाकून लिहिलेल्या कवितेत ते मला पळवाटेसारखं वाटलं. मी बोलायच्या आत तोच म्हणाला, “मॅडम, नदीनं सूड घेतला म्हटलं की विषय संपला. मग भराव कुणी टाकला हे कोण विचारणार?”

त्या गप्प झाल्या. हा मात्र सुटलाच होता. “पुरात आत्याचं घर वाचलं. २४ जून २०२१ ला जेसीबीनं पाडलं, ऐन पावसाळ्यात. ओढा सरळ करायचा म्हणून. त्याच दिवशी कोर्टाची स्थगिती आली, पण तोवर घर गेलेलं. ते तुमच्या कवितेत कुठंच नाही.”

(हा ओढा वळवायची हौस जुनीच. पेशवाईतही त्याचा प्रवाह वळवला होता.)

कवयित्रींनी स्टूल ओढलं आणि त्याला विचारत बसल्या. पाणी आधी कुठून शिरलं, दिवे केव्हा गेले, काय उचललं, काय राहिलं. गॅसचं सिलिंडर तरंगत येऊन दारावर आदळत होतं, रेशनकार्ड माळ्यावर होतं म्हणून वाचलं. मधेच चहा आला, तो तसाच निवला. मग त्यांनी सुडाचं कडवं सरळ खोडलं. त्या जागी ओढा आला, वरून खाली: कात्रज, पद्मावती, अरण्येश्वर, दांडेकर पूल. शेवटी आत्याचं घर आणि जेसीबी.

कविता वाढून पुढच्या पानावर गेली. पुस्तक ९६ पानांचं; सोळा पानं एकत्र छापायची तो एक फर्मा, असे सहा. एक पान वाढलं की सातवा फर्मा, आणि कागदाचा खर्च ऐकून प्रकाशक फोनवरच तडकले. काहीतरी काढणं भाग होतं. कवयित्रींनी ‘झाड’ काढली. मला विचाराल तर संग्रहातली सगळ्यात गुळगुळीत कविता तीच होती. फाइल गेली दुसऱ्या दिवशी सकाळी.

त्याआधी ऋणनिर्देशात त्याचं नाव घालायचं ठरलं. स्वतःचं नाव टाइप करायला हा काही केल्या तयार होईना. शेवटी मीच त्याच्या खुर्चीत बसून दोन बोटांनी ते बडवलं. त्याने मागून वाकून पाहिलं आणि माझी वेलांटी दुरुस्त केली.